मंद्या आणि गोड्या पाण्यातली शेवंड

"झाकण उघडू नका! काकू, झाकण उघडू नका! निखिल, आईचा हात धर आधी!"

तू ओरडत होतास, मंद्या. आणि असा ओरडत होतास की तळ्याकाठच्या बीच नावाच्या झाडांनी उरलीसुरली पानं एका दमात टाकून दिली, आणि समोरच्या काठावर तपश्चर्येला बसलेला बगळा जो उडाला तो थेट जर्मनीत जाऊन उतरला. जन्मभर हळू आवाजात "तसं अगदी म्हणता येणार नाही" म्हणत आलेला माणूस तू, आणि तुझ्या गळ्यातून हा गिरणीचा भोंगा! सरनाईककाकू साडीवर जाकीट आणि जाकिटाखाली पांढरे बूट अशा थाटात पाण्यापासून दोन हातांवर उभ्या होत्या. कडेवर बाळ घ्यावं तसा कडेवर पाच लिटरचा प्रेशर कुकर. शिट्टी काढून ठेवलेली, का तर आतल्या जिवाला हवा मिळावी. आणि आत काकूंच्या घराजवळच्या, बुइटनव्हेल्डर्टच्या ओढ्याच्या पाण्यात बसलेली, दोन्ही नांग्या उगारलेली, लालभडक अमेरिकन शेवंड.

आत्ता तू "भागिले दहा" म्हणालास, ते मला ऐकू आलं. मी काहीही सांगितलं की तू दहानं भागायचास. देवगडला आमच्या मामानं माझ्या उंचीएवढी शेवंड धरली होती म्हटलं की तू बोटांवर मोजून म्हणायचास, "म्हणजे वीतभर. ठीक आहे." बाकीचे लोक माझं सगळं खरं धरतात किंवा सगळं खोटं. भागाकार करून माझ्याशी बोलणारा तू एकटा होतास. आता भागाकार कोण करणार? मला स्वतःला करायला सांगू नकोस. जमणार नाही.

डचांच्या देशातल्या आपल्या मराठी मंडळाच्या अंकासाठी तुझ्यावर लिही म्हणाले. जन्म, शिक्षण, नायमेखनच्या विद्यापीठातली नोकरी हे दुसरं कोणीतरी नीट लिहील. मी भांडायला बसलोय. कारण आपलं भांडण अर्धवट टाकून तू निघून गेलास, आणि हे सभ्य माणसाचं लक्षण नव्हे.

तर कुकर. तो तिथं आला तुझ्यामुळे, हे मी आजही म्हणतो. दिवाळीच्या कार्यक्रमात लहान मुलींचा नाच आणि जेवण यांच्या मधल्या फटीत तुला बोलायला वेळ दिला होता. तू पडद्यावर तुझ्या तळ्यातल्या शेवंडीचं चित्र लावलंस. युरोपची मूळची, गोड्या पाण्यातली, तपकिरी, नांग्या खालून लालसर. या देशात पूर्वी ओढ्याओढ्यांतून होती, आता एखाद्या तळ्यापुरती उरली आहे, तिला वाचवा, असं म्हणालास. सरनाईककाकूंच्या डोळ्यांत पाणी आलं. "बिचारी," त्या म्हणाल्या, "एकटी पडली हो." पुढे तू म्हणे दुसरं चित्र दाखवलंस, अमेरिकन शेवंडीचं, आणि सांगितलंस की ही वेगळी, ही उचलू नका, ही कुठंही सोडू नका. म्हणे! मंद्या, त्या चित्राच्या वेळी स्वयंपाकघराचं दार उघडलं होतं आणि पुऱ्यांचा वास आला होता. पुऱ्यांच्या वासात आपल्या माणसांना दुसरं चित्र दिसत नसतं. तू म्हणायचास, "मी दोन्ही दाखवली." मी म्हणायचो, "दाखवली असशील, पाहिली कोणी?" या एका वाक्यावर आपण किती वेळा जेवण गार केलं असेल. हिशेब नाही.

शेवटी तू म्हणालास, रविवारी सकाळी पिंजरे काढायचे आहेत, कोणाला मदतीला यायचं असेल तर या. आलं कोण? मी, कारण तू मला ओढत न्यायचास. आणि सरनाईककाकू, मुलाच्या गाडीतून, कुकर घेऊन. आदल्या दिवशी पावसात सायकलच्या रस्त्यावर त्यांना एक शेवंड चालताना दिसली होती. सायकली येताहेत, आणि ही बया मधोमध उभी राहून प्रत्येक सायकलीला नांग्या दाखवतेय. आपल्या काकूंनी काय केलं? तेच, जे आपल्यापैकी कोणतीही मायाळू बाई करील. पदरात धरून उचलली, कुकरमध्ये घातली, आणि जीवदान द्यायला तिच्या 'भावंडांत' सोडायला घेऊन आल्या. रस्त्यात तिला एकटं वाटू नये म्हणून तिच्याशी बोलतसुद्धा होत्या, असं निखिल म्हणाला. तो इथंच वाढलेला, त्यामुळे हे त्यानं इंग्रजीत सांगितलं आणि पुढं डचमध्ये हसला.

तुझ्या ओरडण्यानं काकू दचकल्या. आत काहीतरी गुदमरतंय असं त्यांना वाटलं, आणि त्यांनी झाकण फिरवलं. पुढचं मी पाहिलं तसं सांगतो. तू नऊ फूट उडालास. बरं, उडालास. कुकरला मिठी मारून चिखलात बसलास. निम्मं पाणी तुझ्या स्वेटरनं प्यायलं, आणि शेवंड त्या स्वेटरला छातीपाशी लटकली, एखाद्या जनरलच्या पदकासारखी. तू तिला झटकली नाहीस. झटकली आणि पाण्याकडे गेली तर? तू तसाच उठलास, दोन्ही हात पसरून, बोटानं स्पर्श न करता, छातीवर शेवंड मिरवत, वाहनतळापर्यंत चालत गेलास. वाटेत कुत्रं फिरवणारे एक डच आजोबा थांबले, त्यांनी तुझ्याकडे पाहिलं, "मोर्खन" असं सकाळचं अभिवादन केलं आणि पुढं गेले. या देशात हे एक बरं आहे.

मी तेव्हा हसलो. पोट धरून हसलो, आणि तू माझ्याकडे असं पाहिलंस की हसू गिळावं लागलं. कारण तुझ्या मते आम्ही सगळे एका खुनाच्या काठावर उभे होतो.

किती वेळा समजावलं होतंस मला! मी म्हणायचो, एवढ्याशा किड्यासाठी एवढा जीव का टाकतोस? तू म्हणायचास, "किडा नाही. तळ्याचं स्वयंपाकघर तीच आणि मोरीही तीच." गळलेलं पान, मेलेला मासा, कुजकं-नासकं ती खाते, आणि तिला ईल मासा खातो, पाणमांजर खातं, बगळा खातो. ती गेली की तळ्यात कचरा बसतो आणि ताटात काही येत नाही. अमेरिकन शेवंडही खाते, पण ती खाते सावकाराच्या मुनिमासारखी: पाणवनस्पती मुळापासून छाटते, पाणी गढूळ करते, काठ पोखरून बिळं करते, आणि काठावरच उभा असलेला हा देश मग खचलेल्या मातीकडे पाहत बसतो. शिवाय तिच्या अंगावर एक रोग असतो. बुरशीसारखा. तिला त्याची शिंकसुद्धा येत नाही. इथल्या शेवंडीला तो लागला की तळंच्या तळं रिकामं होतं. त्यासाठी शेवंड आत जायची गरज नाही, एक ओला बूट पुरतो. दुसऱ्या पाण्यात भिजलेला एक बूट, एक जाळं, एक बादली.

म्हणून तुझ्या गॅरेजात त्या तळ्यासाठी वेगळे बूट होते. तुझे आणि माझे, वेगळ्या खुंटीवर. दुसऱ्या कोणत्याही पाण्यात ते जायचे नाहीत, धुऊन खडखडीत वाळल्याशिवाय त्यांना हात लावायचा नाही. मी त्यांना 'सोवळ्यातले बूट' म्हणायचो. तू जन्मात जानवं घातलं नाहीस, पण बुटांचं सोवळं तुझ्याइतकं कोणी पाळलं नसेल.

आणि त्या सकाळी तोच शब्द मी काकूंपुढे वापरला. त्या चिडून लाल झाल्या होत्या, शेवंडीपेक्षा जास्त. तू त्यांच्या पांढऱ्या बुटांवर औषध फवारत होतास आणि त्या मोज्यांत, ओल्या पानांवर उभ्या होत्या. मी म्हटलं, "काकू, हे तळं सोवळ्यात आहे. बाहेरचं पाणी चालत नाही." क्षणात कळलं त्यांना! तुझ्या त्या चित्रांनी जे झालं नाही ते एका शब्दात झालं. "असं होय," त्या म्हणाल्या, "मग आधी सांगायचं ना." आणि पाय आपणहून पुढे केले.

मला वाटलं, तू पाठ थोपटशील. तू गाडीत जाऊन बसलास. मग म्हणालास, "तो शब्द नको वापरूस."

"का? कळलं ना त्यांना."

"त्या शब्दानं आपण माणसं पाण्यापासून लांब ठेवली. इथं मी एक रोग लांब ठेवतोय. ते आणि हे एक नाही."

"मग कुठला शब्द वापरू?"

तू गाडी सुरू केलीस. मागच्या सीटवरून काकूंचा प्रश्न अजून तुझ्या कानात होता. मागच्या सीटवर त्या नव्हत्या, हे मला माहीत आहे, त्या निखिलच्या गाडीत होत्या. पण प्रश्न आपल्या गाडीत बसला होता. निघताना बूट घालता घालता त्या म्हणाल्या होत्या, "ती इथली नाही म्हणून मरू दे, असंच ना? अहो मंदार, आपण तरी कुठले? माझा निखिल कुठला? उद्या आपल्यालाही असंच कुणी छातीला लटकवून वाहनतळावर नेऊन ठेवायचं?"

तुझा चेहरा तेव्हा मी पाहिला. सगळ्या परिषदांमधून उलटतपासण्या झेललेला माणूस, एका काकूंपुढे औषधाची बाटली उलटसुलट करून पाहत होता.

नायमेखनच्या पुलावर आल्यावर तू बोललास. "त्या शेवंडीवर माझा राग कुठाय? ती आपल्या पायांनी समुद्र ओलांडून आली नाही. कोणीतरी शोभेला आणली, कोणीतरी खायला आणली, कंटाळा आला, बादली ओतली. माझा राग बादलीवर आहे."

मी म्हटलं, "मग खाऊन टाकू या. सगळ्या. मालवणी मसाला लावून. देश वाचेल आणि आपलं जेवणही होईल. कुकर तर तयारच आहे."

"हेच," तू स्टिअरिंगवर हात आपटलास, "हेच म्हणतात सगळे. खाणारा आला की विकणारा येतो. विकणारा आला की जिथं नाहीत तिथं सोडणारा येतो. पुन्हा बादलीच."

मला हे पटलं नाही, मंद्या. आजही पटलेलं नाही. ओढेच्या ओढे भरलेत, कोणी तरी खाल्ल्याच पाहिजेत. याचं उत्तर तुझ्याकडे होतं, तू म्हणालास, "पुढच्या वेळी नीट समजावतो." आता पुढची वेळ कुठून आणू?

त्या शेवंडीचं काय झालं ते काकू बरेच दिवस विचारत होत्या. तू ती शांतपणे बर्फात घातलीस, तिला कळू न देता, आणि नंतर बराच वेळ हात धूत राहिलास. हे काकूंना कसं सांगायचं? मी सांगितलं की तिला विमानानं अमेरिकेत लुइझियानाला पाठवली, तिच्या माहेरी, खिडकीची सीट. त्यांनी मंडळात पेढे वाटले. तू माझ्याशी महिनाभर बोलला नाहीस. फोन केला की वहिनी घ्यायच्या आणि म्हणायच्या, "तो ऐकतोय, पण बोलणार नाही म्हणतो." मग मी वहिनींना एखादी कथा सांगायचो आणि मागून तुझा आवाज यायचा, "भागिले दहा!"

तुझ्या निरोपाच्या दिवशी इथल्या रिवाजाप्रमाणे कॉफी आणि केकचा एकेक तुकडा होता. आपली माणसं केक हातात धरून उभी, खावा की नाही कळेना. सरनाईककाकूंनी पदरात गुंडाळून ठेवला. त्या खूप रडल्या रे. मग डोळे पुसून वहिनींजवळ गेल्या आणि म्हणाल्या, "अस्थी त्याच्याच तळ्यात सोडू या. त्याला आवडेल." मी वहिनींकडे पाहिलं. वहिनींचे डोळे सुजलेले होते, आवाज बसलेला होता, आणि त्या म्हणाल्या, "नाही काकू. तो विचारेल, कलश कुठल्या पाण्यानं धुतला होता." आणि मग त्या हसल्या, काकू हसल्या, मी हसलो, आणि त्या हॉलचा डच माणूस, ज्यानं अशी किती माणसं रोज निरोप देताना पाहिली असतील, तो आमच्याकडे बघत राहिला.

तुझा शेवटचा फोन आठवतोय का तुला? मला तर तो सारखा आठवतो. मी ऑफिसात होतो, आमच्या कंपनीच्या संगणक-चिपच्या एका बैठकीत, आणि तू पिंजऱ्याशेजारून बोलत होतास. यंदा कोरडा वसंत गेला, पाणी खाली गेलं, तुझ्या पिंजऱ्यांत आठवडे काही येत नव्हतं, आणि तू मला काही सांगत नव्हतास. मला ते वहिनींकडून कळलं होतं. आणि त्या सकाळी एक आली. मादी. शेपटीखाली अंड्यांचा घोस. हिवाळाभर पोटाशी धरून वागवलेली ती अंडी, तू म्हणालास, आता फुटायला आलीत, काही अंड्यांत काळे डोळे दिसतात. तुझा आवाज असा होता की मला वाटलं तुला नात झाली. मी म्हटलं, "किती अंडी?" तू म्हणालास, "तू किती सांगशील?" मी म्हटलं, "लाख." आणि तू, मंद्या, आयुष्यात पहिल्यांदा म्हणालास, "चालेल. लाख."

यासाठी मी तुझा ऋणी आहे. माझ्या एका थापेला तू न भागता होकार दिलास.

पण राग आहे तो आहेच. गेल्या रविवारी मी गेलो होतो तुझ्या तळ्यावर. कुठं ते इथंही लिहीत नाही, तू घातलेली शपथ पाळतो. गॅरेजातून आपले बूट घेतले. माझे घातले, तुझे नुसते शेजारच्या सीटवर ठेवले. तळं खाली गेलंय. ओढ्याचं पाणी जिथून आत येतं तिथली लोखंडी जाळी पानांनी आणि काटक्यांनी गच्च भरलेली. ती तू दर आठवड्याला साफ करायचास, हे मला माहीत होतं. तू एकटा करायचास, आणि तू नसशील तर कोणी करणार नाही, हे मला माहीत नव्हतं. एवढं मोठं राष्ट्र, समुद्राला दरवाजे लावणारं, आणि एका तळ्याची जाळी साफ करायला नायमेखनचा एक मंदार खांबेटे, इथल्या लोकांचा 'म्हनेर', म्हणजे श्रीयुत, खांबेटे! मी हातानं उपसली. पाणी आत यायला लागलं, आवाज झाला, बरं वाटलं. मग पाटी दिसली, प्रवेश बंद. तुला परवानगी होती, मला नाही. अंडी फुटली असतील, तर ती नखाएवढी पोरं आता त्या उथळ काठाशी दगडांखाली असतील. पाऊस नाही आणि जाळी परत भरली, तर पहिला कोरडा पडणारा काठ तोच.

सोमवारी मी त्या पाणी सांभाळणाऱ्या कार्यालयात फोन लावला. आधी यंत्राशी बोललो, मग एका बाईशी. माझं डच तुला माहीत आहे: भाजी आणि सायकल दुरुस्ती यापलीकडे जात नाही. पण त्या दिवशी मी बोललो. देशातल्या शेवटच्या शेवंडी आहेत म्हणालो. लाख पिलं आहेत म्हणालो. जाळी दर आठवड्याला साफ झालीच पाहिजे, मला परवानगी द्या, मी करतो, फुकट करतो, बूटही माझे आहेत आणि ते कोरडे आहेत, असंही म्हणालो. आवाज चढला होता, शेजारचे सहकारी पाहत होते. फक्त तू गेलास, एवढं एक वाक्य माझ्या तोंडून आलं नाही. ते डचमध्ये कसं म्हणायचं ते मला येतं. म्हटलं नाही.

तिनं सगळं ऐकून घेतलं. मध्ये की-बोर्डचा आवाज आला. मग म्हणाली, "त्या तळ्याचं सगळं म्हनेर खांबेटे पाहतात. तुम्ही त्यांनाच विचारा."